बोली गेली, शेरा राहिला

बाजार समितीतला कांद्याचा लिलाव आपल्या ओळखीचा आहे. माल समोर, व्यापारी समोर, बोली कानावर. पण माल एकीकडे आणि बोली लावणारा शेकडो कोसांवर, असा लिलाव कसा सुरू झाला, ते आज सांगतो.

सप्टेंबर १९९५. अमेरिकेत कॅलिफोर्नियामध्ये पियरे ओमिड्यार या तरुणाने इंटरनेटवर लिलाव सुरू केला. पहिल्या वस्तूंमध्ये त्याचाच एक मोडका लेझर पॉइंटर होता. तो चक्क १४.८३ डॉलरला गेला! घेणाऱ्याला मोडके पॉइंटर जमवायचा छंद होता. दुकानात ज्याला कोणी विचारलं नसतं, त्याला गिऱ्हाईक मिळालं. घरातली एखादी वस्तू विकायला आता दुकान लागेना. हाच लिलाव पुढे ‘ईबे’ नावाने जगभर गेला.

पण अनोळखी माणसाला पैसे कोणत्या भरवशावर पाठवायचे? १९९६ मध्ये तिथे शेरे लिहायची सोय झाली. घेणाऱ्याने विकणाऱ्याबद्दल लिहायचं, विकणाऱ्याने घेणाऱ्याबद्दल. आपल्या बचत गटाची वहीच म्हणा ना! नोंद चांगली, तर पत चांगली.

आपल्याकडे २००० साली मुंबईत ‘बाझी डॉट कॉम’ निघालं. २००४ मध्ये ईबेने ते विकत घेतलं. ‘ईबे इंडिया’ २०१८ मध्ये बंद झालं.

तोवर व्यापाराची रीत बदलली होती. बोली संपायची वाट बघण्यापेक्षा ठरलेल्या किमतीला लगेच घेणं लोकांना सोयीचं वाटलं. नवा माल विकणारे दुकानदारही तिथे आले. शिवाय विकणारे उलटा वाईट शेरा देतील, या भीतीने गिऱ्हाइकं खरं लिहीत नव्हती. म्हणून २००८ मध्ये ईबेने विकणाऱ्यांचा वाईट शेरा देण्याचा हक्क काढून घेतला. गिऱ्हाइकाला बळ मिळालं, पण वही एकतर्फी झाली.

याची झळ आम्हालाही बसली. आमच्या गटाने ऑनलाइन पाठवलेली लोणच्याची बरणी वाटेत फुटली. गिऱ्हाइकाने एकच तारा दिला. लोणचं चांगलं होतं, पण ते सांगायला आम्हाला जागाच नव्हती. पुढचे कितीतरी दिवस मागणी आली नाही.

तेव्हापासून आम्ही प्रत्येक बरणी बांधतानाचा फोटो काढतो आणि तारीख घालून गटाच्या वहीत नोंद करतो. तक्रार आली, की तो पुरावा दाखवतो. मैत्रिणींनो, त्यांच्या वहीत आपल्याला लिहिता येत नसेल, तर आपली वही आपण चोख ठेवूया.