भोसले, वामन

भोसले, वामन (1932–26 एप्रिल 2021). हिंदी चित्रपटांचे संकलक. जन्म गोव्यातील पोंबुर्पा गावी. 1952 मध्ये कामाच्या शोधात ते मुंबईला आले आणि मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये संकलक डी. एन. पै यांच्या हाताखाली उमेदवारी करू लागले.

    

पुढे भोसले गोरेगावच्या फिल्मिस्तान स्टुडिओमध्ये गेले. तिथे त्यांनी बारा वर्षे साहाय्यक म्हणून काम केले. संकलन तेव्हा हाताचे काम होते. सेकंदाला 24 चौकटी या हिशेबाने धावणारी फिल्म मूव्हिओला या संकलनयंत्रावर पाहायची, खूण करायची, कापायची, जोडायची आणि आवाजाची वेगळी पट्टी चित्राशी जुळवायची. एक कट बदलायचा तर जोड सोडवून पुन्हा बसवावा लागे.

राज खोसला यांच्या ‘दो रास्ते’ने (1969) त्यांना स्वतंत्र संकलक केले. गुरुदत्त शिराळी यांच्याशी त्यांची जोडी जमली आणि दोघांची नावे श्रेयनामावलीत एकत्र झळकू लागली. गुलजार यांच्या ‘अचानक’ (1973), ‘आँधी’ आणि ‘मौसम’ (दोन्ही 1975) या चित्रपटांत कथा वर्तमान आणि भूतकाळ यांत सतत ये-जा करते. प्रेक्षक वाट चुकत नाही, हे संकलनाचे यश. सुभाष घई यांच्या ‘कर्ज’ (1980), ‘हीरो’ (1983) आणि ‘राम लखन’मध्ये (1989) मात्र गाणी, मारामारी आणि नाट्य यांचा वेग सांभाळायचा होता. इतक्या भिन्न प्रकृतीच्या दिग्दर्शकांना एकाच संकलकाचा भरवसा वाटावा, यातच भोसल्यांचे मोठेपण आहे.

राज सिप्पी दिग्दर्शित ‘इन्कार’साठी (1977) त्यांना सर्वोत्कृष्ट संकलनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अकिरा कुरोसावांच्या ‘हाय अँड लो’वर (1963) बेतलेल्या या अपहरणकथेत विनोद खन्ना आणि डॉ. श्रीराम लागू यांच्या प्रमुख भूमिका होत्या. ‘सौदागर’साठी (1991) भोसले-शिराळी जोडीला फिल्मफेअर पुरस्कार लाभला. ‘अग्निपथ’ (1990) आणि ‘गुलाम’ (1998) हे त्यांचे नंतरच्या काळातले उल्लेखनीय चित्रपट. मुंबईत त्यांचे निधन झाले.