आकेलारे: स्वप्न किती, जबरदस्ती किती

डिसेंबर १६०८ मध्ये फ्रान्समधल्या सिबूरहून एक तरुण मोलकरीण नव्हार प्रांतातल्या सुगारामुर्दी या बास्क गावात परतली. चेटकिणींच्या रात्रीच्या मेळ्याला, म्हणजे ‘आकेलारे’ला, आपण जात होतो आणि गावातली अमकी बाई तिथे दिसली होती, असे ती सांगू लागली. त्या बाईने आधी साफ इन्कार केला. मग ती घेरी येऊन पडली आणि सावध झाल्यावर तिने सारे कबूल करून नात्यातल्याच एका वडीलधाऱ्या बाईचे नाव घेतले.

गावाने हे प्रकरण चर्चमध्ये कबुली घेऊन, क्षमा करून मिटवले होते. पण बातमी लोग्रोन्योच्या इन्क्विझिशनपर्यंत, म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयापर्यंत, पोचली. ७ आणि ८ नोव्हेंबर १६१० रोजी तिथे जाहीर निवाडा झाला. सहा जणांना जाळले, तुरुंगात मेलेल्या पाच जणांचे पुतळे जाळले. त्याचा छापील वृत्तान्तही लगेच निघाला. यानंतर डोंगरी खोऱ्यांतली मुले शेकड्यांनी सांगू लागली, की रात्री अंथरुणातून उचलून आम्हाला मेळ्याला नेतात.

लोग्रोन्योचे मूळ दप्तर फ्रेंच स्वारीच्या काळात नष्ट झाले. माद्रिदच्या वरिष्ठ मंडळाकडे गेलेले अहवाल, पत्रे आणि नकला तेवढ्या वाचल्या. साक्षी देणारे बहुतेक बास्क बोलणारे, कागद स्पॅनिश. म्हणजे मुलांचा आवाज आपल्यापर्यंत येतो तो दुभाषा आणि लेखनिक या दोन चाळण्यांतून. हे ध्यानात ठेवूनच पुढचे वाचावे.

मे १६११ मध्ये आलोन्सो दे सालासार फ्रियास हा लोग्रोन्योच्या तिघा न्यायाधीशांपैकी सर्वांत कनिष्ठ न्यायाधीश क्षमेचा जाहीरनामा घेऊन गावोगाव निघाला. जानेवारी १६१२ मध्ये तो परतला तेव्हा १,८०२ जणांची प्रकरणे त्याने हाताळली होती. त्यांतली १,३८४ लहान मुले. सालासारला चेटूक अशक्य वाटत होते असे नाही. त्याचा हट्ट एवढाच, की घडले असेल तर बाहेरचा पुरावा दाखवा. मेळ्याच्या जागी साक्षीदारांना एकेकटे नेऊन विचारले, तेव्हा उत्तरे जुळेनात. चेटकिणींची म्हणून आलेली मलमे जनावरांवर वापरून पाहिली, काही झाले नाही. सांतेस्तेबानच्या काही जणांनी सेंट जॉनच्या सणाच्या आदल्या रात्रीच्या मेळ्याचे वर्णन केले. त्याच रात्री त्याच जागी सालासारचे लेखनिक हजर होते, त्यांना कोणीही दिसले नव्हते.

सर्वांत बोलकी दोन प्रकरणे आहेत. एका आईने मुलीचा हात धरून तिच्यावर पहारा ठेवला, तरी आपण मेळ्याला जाऊन आलो हे मुलीचे म्हणणे कायम. दुसरी एक तरुणी पापमुक्तीसाठी ताटकळत बसलेली असताना, दिवसाउजेडी, आपल्याला मेळ्याला नेऊन आणले म्हणाली. सोबतच्या बायकांनी सांगितले, की तेवढा सारा वेळ ती आमच्याशी बोलत होती.

डॅनिश अभ्यासक गुस्ताव हेनिंगसन यांनी माद्रिदच्या दप्तरात ही कागदपत्रे धुंडाळून या प्रकाराला ‘स्वप्नांची साथ’ म्हटले. वरच्या दोन साक्षींना हे वर्णन चपखल बसते. साथ कशी चढली हेही कागदांच्या क्रमातून दिसते. पाम्प्लोनाजवळच्या ओलाग्वेत एका भिक्षूने प्रवचन केले आणि मगच तिथे चेटकिणी निघाल्या. सालासारचे मतही हेच: बोलले, लिहिले जाईपर्यंत तिथे चेटकिणी नव्हत्या आणि बाधितही नव्हते.

तरीही सगळ्या १,८०२ जणांना स्वप्नाळू ठरवणे मला पटत नाही. सालासारपुढे ८१ जणांनी कबुली मागे घेतली, आणि धाक, मारहाण, शेजाऱ्यांची गळचेपी ही कारणे त्या कागदांत पुन्हा पुन्हा येतात. या माणसांना कसलेही स्वप्न पडले नव्हते. सुटकेसाठी त्यांनी गावभर ठाऊक असलेली गोष्ट आपल्या नावावर सांगितली. अडचण अशी, की खरोखर स्वप्न पाहिलेले मूल आणि दटावून बोलते केलेले मूल यांच्या जबान्या कागदावर सारख्याच दिसतात. फरक कळतो तो जबानी फिरल्यावरच, आणि फिरवणे सोपे नव्हते. कबुलीवरून माघार घेणारा हट्टी पापी ठरून त्याला अधिक कडक शिक्षा होण्याची भीती असे. सालासारचे दोन्ही सहकारी त्याच्या निष्कर्षांच्या विरोधातच होते.

वरिष्ठ मंडळाने अखेर सालासारची बाजू घेतली. २९ ऑगस्ट १६१४ च्या नव्या नियमांत माघारीची जबानी शिक्षेविना नोंदवून घ्यावी असे ठरले, आणि १६१० साली शिक्षा झालेल्यांची नावे मिरवणारी वस्त्रे चर्चमध्ये टांगू नयेत असाही हुकूम झाला.