विश्लेषण: आइसलँडमधील हिमनदीवरची एक दिवसाची खासगी सहल कशी असते? खरा धोका बर्फावर की किनाऱ्यावर?

राजधानी रेक्याविकहून सकाळी निघायचे, वाटेत धबधबा पाहायचा, पायाला लोखंडी दाते बांधून हिमनदीवर चालायचे, काळ्या वाळूचा किनारा गाठायचा आणि रात्रीच्या जेवणापर्यंत परतायचे. आइसलँडच्या दक्षिण किनाऱ्यावरची ही एक दिवसाची सहल तिथे जाणाऱ्या बहुतेक पर्यटकांच्या यादीत असते. ‘दिलवाले’ (२०१५) चित्रपटातील ‘गेरुआ’ या गाण्याचे चित्रीकरण आइसलँडमध्ये झाल्यापासून भारतीय प्रेक्षकांनाही हा प्रदेश ओळखीचा झाला आहे. कुटुंबासाठी स्वतंत्र गाडी आणि स्वतंत्र मार्गदर्शक घेण्याचा पर्यायही उपलब्ध असतो. त्यासाठी जास्त पैसे मोजून नेमके काय मिळते आणि काय मिळत नाही, हे आधी समजून घेतलेले बरे.

सहलीचा मार्ग कोणता?

आइसलँडला वळसा घालणाऱ्या महामार्ग क्रमांक १ वरून पूर्वेकडे निघाल्यावर पहिला मोठा थांबा असतो सेल्यालांड्सफॉस. ‘फॉस’ म्हणजे धबधबा. साठ मीटरहून अधिक उंचीच्या या धबधब्याच्या पाठीमागून पायवाट जाते. हिवाळ्यात ती गोठून निसरडी होते आणि अनेकदा बंद ठेवली जाते. पुढे स्कोगार गावाजवळ सुमारे ६० मीटर उंच आणि २५ मीटर रुंद स्कोगाफॉस आहे. तिथून थोड्याच अंतरावर महामार्ग सोडून डावीकडे वळले की सोल्हेमायोकुल ही हिमनदी येते. ‘योकुल’ म्हणजे हिमनदी. रेक्याविकपासून हे अंतर सुमारे १६० किलोमीटर, म्हणजे साधारण दोन तासांचे आहे.

हिमनदीनंतर डिरहोलाए हा समुद्रात घुसलेला उंच कडा, रेनिसफ्यारा हा काळ्या वाळूचा किनारा आणि विक हे छोटे गाव लागते. विकहून परतायला अडीच तास लागतात. सगळे मिळून दहा ते अकरा तासांचा दिवस होतो. जूनमध्ये इतका वेळ सहज मिळतो, कारण त्या दिवसांत रात्र जवळजवळ होतच नाही. डिसेंबरच्या अखेरीस मात्र उजेड जेमतेम चार तासांचा असतो. तेव्हा हिमनदी आणि किनारा उजेडात बसवायचा, तर एखाद्या धबधब्यावर पाणी सोडावे लागते.

सोल्हेमायोकुलच का?

आइसलँडच्या भूभागाचा सुमारे एक दशांश भाग हिमनद्यांनी व्यापलेला आहे. त्यांतील मिर्दाल्सयोकुल या मोठ्या हिमटोपीतून जिभेसारखी खाली उतरणारी शाखा म्हणजे सोल्हेमायोकुल. ती रेक्याविकहून एका दिवसात जाऊन-येऊन करता येते आणि वाहनतळापासून पायी गाठता येते.

भारतीय वाचकाच्या दृष्टीने आणखी एक फरक महत्त्वाचा आहे. गंगोत्री हिमनदीचे मुख असलेले गोमुख सुमारे चार हजार मीटर उंचीवर आहे. तिथे थंडीइतकाच विरळ हवेचाही त्रास होतो. सोल्हेमायोकुलचे टोक समुद्रसपाटीच्या जवळ आहे, त्यामुळे उंचीमुळे होणारा आजार इथे होत नाही. साधारण तंदुरुस्ती असलेला, दोन-तीन तास चढउतार करू शकणारा माणूस इथे चालू शकतो. मुलांसाठी किमान वय सहसा आठ ते दहा वर्षे ठेवलेले असते. त्याचे एक कारण म्हणजे त्याहून लहान पायांना बर्फाचे दाते नीट बसत नाहीत.

बर्फावर प्रत्यक्षात काय होते?

वाहनतळावर मार्गदर्शक प्रत्येकाला हेल्मेट, कमरेचा पट्टा, आइस ॲक्स म्हणजे बर्फाची कुऱ्हाड आणि बुटाखाली बांधायचे क्रॅम्पॉन देतो. मग दगडगोट्यांतून चालत हिमनदीच्या कडेला जायचे आणि बर्फ सुरू होतो तिथे क्रॅम्पॉन बांधायचे. एकूण तीन तासांच्या कार्यक्रमात बर्फावरचा वेळ साधारण एक ते दीड तास असतो.

चालण्याची पद्धत आधी शिकवली जाते. पाय थोडे फाकवून टाकायचे, म्हणजे एका पायाचे दाते दुसऱ्या पायाच्या विजारीत अडकत नाहीत. टाच किंवा चवडा टेकवण्याऐवजी पूर्ण पाऊल सपाट टाकायचे, म्हणजे सगळे दाते बर्फात रुततात. मार्गदर्शकाच्या मागे एका रांगेत चालायचे आणि फोटोसाठीही रांग सोडायची नाही.

रांगेच्या नियमामागे कारण आहे. हिमनदी हा गोठलेला स्थिर डोंगर नसतो. स्वतःच्या वजनाने ती सतत खाली सरकत असते. सरकताना वरचा बर्फ ताणला जाऊन त्यात खोल भेगा पडतात. उन्हाळ्यात वितळलेले पाणी बर्फाला विहिरीसारखी उभी भोके पाडते. हिवाळ्यात ताज्या बर्फाखाली ही भेग किंवा भोक झाकले जाते आणि वरून सपाट जमीन दिसते. काल सुरक्षित असलेली वाट आज तशीच असेल याची खात्री नसते. म्हणूनच मार्गदर्शक रोज वाट तपासतात आणि गरज पडली तर बर्फात नव्या पायऱ्या खोदतात.

बर्फ काळा का दिसतो?

पांढऱ्याशुभ्र बर्फाची अपेक्षा ठेवून आलेले अनेक जण इथे चकित होतात. सोल्हेमायोकुलवर राखेचे काळे पट्टे आणि लहान शंकूसारखे ढीग दिसतात. शेजारच्या एयाफ्यात्लायोकुल ज्वालामुखीचा २०१० मध्ये उद्रेक झाला आणि त्याच्या राखेमुळे युरोपातील विमानवाहतूक कित्येक दिवस ठप्प झाली होती. मिर्दाल्सयोकुलच्या खाली कात्ला हा त्याहून मोठा ज्वालामुखी आहे, त्याचा शेवटचा मोठा उद्रेक १९१८ मधला. अशा उद्रेकांची राख बर्फाच्या थरांत अडकते आणि बर्फ वितळला की वर येते. राखेचा पातळ थर ऊन शोषून बर्फ लवकर वितळवतो, तर जाड थर पांघरुणासारखा बर्फ राखतो. शंकू तयार होतात ते यामुळेच. भेगांमध्ये दिसणारा निळा रंग मात्र बर्फाचा स्वतःचा असतो. दाबाने हवेचे बुडबुडे निघून गेलेला घट्ट बर्फ प्रकाशातील लाल भाग शोषतो आणि निळा भाग बाहेर येतो.

हिमनदी किती मागे गेली?

हिमनदीच्या टोकाशी आज एक तळे आहे. गेल्या दीड दशकात बर्फ मागे हटला आणि त्याने सोडलेल्या खोलगट जागेत ते साठत गेले. जवळच्या क्वोल्सव्होत्लुर गावातील शाळेचे विद्यार्थी २०१० पासून दर शरद ऋतूत इथे येऊन हिमनदीचे टोक किती सरकले हे मोजतात. त्या काळात हे टोक काहीशे मीटर मागे गेले आहे. सुरुवातीला मुलांनी पायी मोजलेल्या जागेवर आता पाणी आहे.

आइसलँडमधीलच ओक्योकुल ही हिमनदी २०१४ मध्ये ‘मृत’ ठरवण्यात आली. वाहण्याइतकी जाडी तिच्यात उरली नव्हती. २०१९ मध्ये तिथे स्मृतिफलक बसवण्यात आला. सोल्हेमायोकुलची अजून ती अवस्था नाही. मात्र तिचे टोक मागे सरकत असल्याने पर्यटकांची वाटही पुन्हा पुन्हा बदलावी लागते. इंटरनेटवरचे पाच-सात वर्षांपूर्वीचे फोटो आणि वर्णने पाहून अंदाज बांधू नये, त्याचे कारण हेच.

खासगी सहलीत जास्तीचे काय मिळते?

गटसहलीचे दर माणशी असतात, खासगी सहलीचे बहुधा गाडी आणि मार्गदर्शकाच्या हिशेबाने. त्यामुळे दोघांना ती फार महाग पडते, पाच-सहा जणांच्या कुटुंबात फरक बराच कमी होतो.

सर्वात मोठा फायदा वेगाचा असतो. मोठ्या गटात सर्वात हळू चालणाऱ्याला ओढले जाते किंवा त्याच्यामुळे सगळे खोळंबतात. खासगी सहलीत आजी-आजोबा किंवा लहान मुलांच्या गतीने वाट निवडता येते. हवा पाहून थांब्यांचा क्रम बदलता येतो. कुणाला बर्फावर जायचे नसेल तर दिवस त्याप्रमाणे आखता येतो.

मात्र पैसे जास्त दिले म्हणून हवामान किंवा बर्फ बदलत नाही. वारा वाढला किंवा वाट बिघडली तर मार्गदर्शक अर्ध्यावरून परत फिरवतो आणि ते त्याचे कामच आहे. ऑगस्ट २०२४ मध्ये देशाच्या आग्नेय भागातील ब्रेडामेर्कुरयोकुल हिमनदीवर मार्गदर्शकांसोबत गेलेल्या गटावर बर्फ कोसळला आणि एका अमेरिकी पर्यटकाचा मृत्यू झाला. त्यानंतर उन्हाळ्यात पर्यटकांना बर्फाच्या गुहांत न्यावे का, यावर तिथे गंभीर चर्चा झाली.

नोंदणीपूर्वी काय विचारावे?

आइसलँडमध्ये एक दिवसाच्या सहली विकणाऱ्या कंपनीकडे तेथील पर्यटन मंडळाचा परवाना आणि लेखी सुरक्षा आराखडा असावा लागतो. तो आहे का, हे विचारण्यात संकोच नको. याशिवाय पुढील गोष्टी विचाराव्यात: गाडी चालवणारा आणि बर्फावर नेणारा माणूस एकच आहे का? त्याने हिमनदीवरील मार्गदर्शनाचे प्रशिक्षण घेतले आहे का? हवामानामुळे सहल रद्द झाली तर पैसे परत मिळतात का?

विम्याचाही प्रश्न आहे. आइसलँड शेंजेन क्षेत्रात असल्याने भारतीयांना शेंजेन व्हिसा आणि त्यासाठी किमान ३० हजार युरोचा वैद्यकीय विमा लागतो. मात्र अनेक पॉलिसींमध्ये साहसी प्रकार वगळलेले असतात. हिमनदीवर चालणे त्यात धरले आहे का, हे पॉलिसीत वाचून घ्यावे.

कपड्यांत जीन्स आणि सुती कपडे टाळावेत, कारण भिजल्यावर ते वाळत नाहीत आणि अंगातली ऊब घालवतात. आत लोकरी थर आणि बाहेर पाणी न शिरणारे जाकीट-विजार हवी. घोटा झाकणारे कडक तळव्याचे बूट आवश्यक असतात, साध्या स्पोर्ट्स शूजवर क्रॅम्पॉन नीट बसत नाहीत. असे बूट भाड्यानेही मिळतात. छत्री घरीच ठेवावी, तिथल्या वाऱ्यापुढे ती टिकत नाही.

मग सर्वात जपून राहायचे कुठे?

बर्फावर हेल्मेट असते, दोर असतो आणि पुढे एक जाणकार माणूस असतो. रेनिसफ्यारा किनाऱ्यावर यातले काहीच नसते. गाडीतून उतरून थेट पाण्यापर्यंत जाता येते आणि समुद्र दिसायला शांत असू शकतो. इथे दक्षिणेकडून मोकळ्या अटलांटिक महासागराच्या लाटा येतात. बऱ्याच लहान लाटांनंतर अचानक एखादी मोठी लाट किनाऱ्यावर खूप आतपर्यंत येते आणि परतताना उभ्या माणसाचे पाय ओढून नेते. पायाखालची काळी वाळू आणि गोटे सरकतात, पाणी अतिशय थंड असते आणि ओढ जबरदस्त असते. इथे अनेक पर्यटकांचे बळी गेले आहेत. ऑगस्ट २०२५ मध्ये नऊ वर्षांच्या एका मुलीचा मृत्यू झाला, तेव्हा ती कुटुंबासोबत आली होती.

प्रवेशाजवळ लाटांचा धोका दाखवणारे दिवे आणि फलक आहेत. लाल दिवा असेल तर खाली उतरू नये. इतर वेळीही पाण्याच्या रेषेपासून दूर, समुद्राकडे तोंड करून उभे राहावे. बेसॉल्टच्या खांबांसमोर फोटो काढताना पाठ समुद्राकडे होते, हे विशेष लक्षात ठेवावे. कोकणात किनाऱ्यावर गेल्यावर पाय भिजवल्याशिवाय परतायचे नाही, अशी अनेकांची सवय असते. ती इथे पूर्णपणे विसरावी आणि मुलांचा हात सोडू नये.

खासगी मार्गदर्शक सोबत असेल तर किनाऱ्यावरही त्याला पुढे चालायला सांगावे, कारण अनेक जण बर्फ संपला की त्याचे ऐकणे थांबवतात. स्वतःहून जाणाऱ्यांनी निघण्यापूर्वी आइसलँडच्या हवामान विभागाचा आणि रस्ते विभागाचा त्या दिवसाचा इशारा पाहावा. संकटात ११२ हा क्रमांक देशभर चालतो.