आत्याची तकरीर

घरची वाटणी झाली तेव्हा बँकेतला म्हणून हिशेबाला मला बसवलं. आकडे पैशापर्यंत जुळले. आत्याला मात्र कुणी विचारलंच नाही. हक्कसोडपत्रावर सही तेवढी घेतली. २००५ च्या कायद्याने ती बरोबरीची हिस्सेदार, हे ठाऊक असून मीही गप्प!

पेशवाईत बरं होतं. वतनाच्या वाटणीचा तंटा गोतापुढे आला, की आधी दोघांचा राजीनामा, म्हणजे निवाडा मानण्याची कबुली. (आमच्याकडे राजीनामा म्हणजे नोकरीवर पाणी!) मग दोघांच्या तकरिरी लिहून घ्यायच्या, साक्षीपुरावे पाहायचे, मग निवाडा. जिंकणाऱ्याने हरकी भरायची, हरणाऱ्याने गुन्हेगारी. सरकारची दोन्हीकडून जमाच!

सही करून आत्या म्हणाली, "परसातला फणस कुणाकडे रे?"

यादी पाहिली. फणस लिहायचाच राहिला होता.