एका टेबलावरचा हिवाळा

साल १९५५. धुळ्याहून निघालेल्या गाडीतून शिरूड, जामदा मागे टाकत तुम्ही चाळीसगावला उतरता. डोळ्यात इंजिनाच्या कोळशाची कणी, जिभेवर धूर. फलाटावर केळीची टोपली उतरवणारा हमाल विचारतो, ‘कथा चालना भाऊ?’ मूससाहेबांचा बंगला म्हटल्यावर तो नुसता हात करून दाखवतो. बंगला स्टेशनाजवळच आहे.

नाव ‘रेम्ब्रांट्स रिट्रीट’. खानदेशात, कपाशीच्या मुलखात, सतराव्या शतकातल्या डच चित्रकाराचं नाव! पण आत गेलात की पटतं. एका बाजूने उजेड आणि बाकी काळोख, हे त्या डचमनने रंगांत केलं. इथले केकी मूस ते भिंगातून करतात. १९१२ साली मुंबईत जन्मलेले पारशी, इंग्लंडात शिकून आलेले, आणि आता या घराबाहेर जवळपास पाऊल न टाकणारे. का, ते गाव लगेच सांगतं: प्रेयसी गाडीने येणार होती, आलीच नाही. ऐका आणि सोडून द्या. त्या गोष्टीने माणूस गाजला आणि काम झाकलं गेलं.

काम टेबलावर आहे. टेबल-टॉप फोटोग्राफी म्हणजे वीतभर जागेत अख्खा मुलूख उभा करायचा. आज बर्फाळ रान मांडलंय असं धरू. पसरलेलं मीठ, त्यात खोवलेल्या काटक्या म्हणजे झाडं. कडेला, अगदी खाली, दिवा. एकच. दोन लावले तर प्रत्येक काटकीला दोन सावल्या पडतील आणि सूर्य खोटा ठरेल. कॅमेरा इतका जवळ, की पुढचं झाड रेखीव केलं तर मागचं धुरकट होतं. मग भिंगाचं छिद्र बारीक करायचं. त्याने उजेड घटतो, म्हणून शटर काही सेकंद उघडं ठेवायचं. तेवढ्यात शेजारच्या रुळांवरून मालगाडी धडधडत गेली आणि टेबल हाललं, तर फिल्म वाया.

सिनेमावाल्यांना ही विद्या परकी नाही. पुण्यात ‘प्रभात’ने १९३६ साली तुकोबांना पडद्यावर वैकुंठाला नेलं, तेही ट्रिक फोटोग्राफीच्याच जोरावर. पण तिथे स्टुडिओ होता, हाताशी माणसं होती. इथे सेट लावणारा, दिवे धरणारा आणि कॅमेरामन एकच. पदरच्या पैशांनी सिनेमा काढणाऱ्या आजच्या पोरांनी प्रेयसीची नाही, या टेबलाची गोष्ट ऐकायला हवी.

निघताना साहेब फाटकापर्यंत येतील अशी आशा धरू नका. पुढे कधीतरी ते बाहेर पडतील ते विनोबांचा फोटो काढायला, आणि तेही स्टेशनापर्यंतच. ३१ डिसेंबर १९८९ला ते जातील, घराचं संग्रहालय होईल. तुमच्या काळात परतलात की तिथे जा, आणि टेबलावर मांडलेल्या एखाद्या दृश्यापुढे उभे राहून सावल्या मोजा.