खडकलाटची सुलोचनाबाई

आज आठवण आपल्याच भागातल्या एका बाईंची.

आमच्या लहानपणी निपाणीत तंबूत सिनेमा लागायचा. पडद्यावर सुलोचनाबाई आल्या की आई शेजारणीला कोपरानं ढोसायची, "आपल्या खडकलाटची न्हवं का ती!" तंबाखूच्या वखारीतून थकून आलेल्या बायका मग पदर डोळ्याला लावून बघायच्या.

सुलोचनाबाईंचा जन्म ३० जुलै १९२८ चा, निपाणीजवळच्या खडकलाटचा. तेव्हा हा मुलूख मुंबई इलाख्यात होता. १९४३ मध्ये त्या सिनेमात आल्या आणि पुढं कोल्हापुरात भालजी पेंढारकरांच्या हाताखाली घडल्या. 'सुलोचना' हे नावही भालजींनीच दिलेलं. १९५३ च्या 'वहिनीच्या बांगड्या'नं त्या घराघरांत पोचल्या. धाकट्या दिराला पोटच्या पोरासारखं वाढवणारी ती वहिनी! पुढं तीच गोष्ट हिंदीत 'भाभी की चूड़ियाँ' म्हणून आली, १९६१ साली. वहिनी मात्र मीनाकुमारी.

मराठीत नायिका असलेल्या बाईंच्या वाट्याला हिंदीत आईच्या भूमिका आल्या. आम्ही बँकवाले, आकडे जुळवून बघायची खोड जात नाही. १९५९ च्या 'दिल देके देखो'त त्या शम्मी कपूरच्या आई, आणि शम्मी त्यांच्याहून जेमतेम तीन वर्षांनी लहान! १९७० च्या 'जॉनी मेरा नाम'मध्ये बाई ४२ वर्षांच्या, मुलगा देव आनंद ४७ चा आणि दुसरा मुलगा प्राण ५० चा! हिशेब काही जुळत नाही, पण थेटरात कुणाला शंका आली नाही. हीच त्यांची ताकद. 'सुजाता', 'कटी पतंग', 'मजबूर'... पोस्टरवर चेहरा हिरोचा, रडवायचं काम बाईंचं.

१९५६ ला खडकलाट म्हैसूर राज्यात गेलं, आपण सगळेच गेलो. बाईंना १९९९ ला पद्मश्री, २००९ ला महाराष्ट्र भूषण मिळालं. गाव कर्नाटकात आणि लेक महाराष्ट्राचं भूषण! सीमाभागातल्या माणसाला यातलं सुख आणि दुखणं दोन्ही वेगळं सांगायला नको.

मला एक गोष्ट लागून राहिली आहे. नोकरीत असताना चिकोडीकडे जाताना कितीतरी वेळा त्या भागातून गेलो. पण एकदाही खडकलाटात उतरून, त्यांचं घर कुठलं, हे विचारलं नाही. वसुलीची घाई, नाहीतर शेवटच्या एस.टी.ची. ४ जून २०२३ ला टीव्हीवर बाई गेल्याची बातमी आली. वय ९४. नातीनं विचारलं, "आजोबा, कोण या?" मी म्हणालो, "आपल्या खडकलाटची." ते वाक्य आईचं होतं. सांगायला आई नव्हती.

मंडळी, घरात कुणी ऐंशी-नव्वदीचं असेल तर बाईंच्या आठवणी आजच विचारून ठेवा. आणि इथं लिहा.