हिकिकोमोरी आणि 'वाइफू': दोन वेगळ्या गोष्टी

अ‍ॅनिमेच्या गप्पांत 'हिकिकोमोरी' आणि 'वाइफू' हे शब्द इतके जोडीने येतात की एकाच दुखण्याची दोन नावं वाटावीत. तसं नाहीये.

हिकिकोमोरी म्हणजे सहा महिने किंवा जास्त काळ शाळा, नोकरी, मित्र सगळं तोडून घरातच राहणारी व्यक्ती. मानसोपचारतज्ज्ञ सायतो तामाकी यांच्या १९९८ च्या पुस्तकाने हा शब्द घरोघरी पोहोचला. २०२३ मध्ये जाहीर झालेल्या सरकारी पाहणीनुसार जपानमध्ये १५ ते ६४ वयोगटात असे अंदाजे १४ लाख ६० हजार लोक आहेत. फक्त पोरासोरांचा प्रश्न नाही हा. ऐंशीतले आईवडील पन्नाशीतल्या मुलाला पोसतायत, त्याला तिकडे '८०५० प्रश्न' म्हणतात.

वाइफू म्हणजे 'वाइफ'चा जपानी उच्चार. मनाने बायको मानलेलं कार्टून किंवा गेममधलं पात्र. यातला मला सगळ्यात भारी वाटणारा नमुना म्हणजे कोनामीचा 'लव्हप्लस' (२००९, निन्टेंडो डीएस). इतर डेटिंग गेम मुलीने होकार दिला की संपतात, हा तिथून खरा सुरू होतो. गेम कन्सोलच्या घड्याळावर चालतो. तुमच्याकडे रात्र तर तिच्याकडेही रात्र, आणि ठरवलेली भेट चुकवली की ती रुसते. २०१० मध्ये आतामी या गरम झऱ्यांच्या गावाने या गेमबरोबर मोहीम राबवली आणि खेळणारे चक्क कन्सोल घेऊन तिथे फिरायला गेले. म्हणजे पडद्यावरच्या मैत्रिणीने माणसं घराबाहेर काढली!

दुसरं उदाहरण गेटबॉक्सचं: काचेच्या नळकांड्यात दिसणारी, बोलणारी छोटी आकृती. २०१८ मध्ये टोकियोतल्या एका नोकरदाराने हात्सुने मिकूशी लग्न केलं (कायद्याने नाही, अर्थात). मिकू हे मुळात क्रिप्टन कंपनीच्या २००७ च्या गाण्याच्या सॉफ्टवेअरचं पात्र. कामावरच्या छळामुळे तो घरी बसला होता आणि मिकूच्या गाण्यांमुळे पुन्हा कामावर गेला, असं तो मुलाखतींत सांगतो. लोक हसले, मला ते हसणं पटत नाही.

खरी ठेच वेगळीच आहे. गेटबॉक्समधलं मिकूचं बोलणं कंपनीच्या सेवेवर चालायचं. मार्च २०२० मध्ये ती मर्यादित काळाची सेवा संपली. यंत्र त्याच्या घरात, पैसे त्याने मोजलेले, पण मिकू बोलायची थांबली.